एका मानिनीची कहाणी : एलिझाबेथ पॅकार्ड

अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांपैकी इलिनॉय राज्याची राजधानी स्प्रिंगफील्ड. त्या शहरी एक सरकारी मनोरुग्णालय आहे. त्याला बरीच वर्षे डॉ. अँड्र्यू मॅकफार्लंड यांचे नाव होते. एकोणिसाव्या शतकात वेड्यांच्या इस्पितळाचे अधीक्षक म्हणून हे गृहस्थ त्या राज्यात मोठे नामांकित होते. २०२३ साली सरकारने ते नाव काढले आणि त्यांच्याच देखरेखीखाली तीन वर्षे कोंडून पडलेल्या एका स्त्रीचे नाव त्या इमारतीस दिले. ती स्त्री म्हणजे एलिझाबेथ पार्सन्स वेअर पॅकार्ड. डॉक्टरांचे नाव पुसून रुग्णाचे लिहावे, असे काय या बाईंनी केले होते, ते सांगण्यासाठी हा लेखनप्रपंच.

बाईंचा जन्म २८ डिसेंबर १८१६ रोजी मॅसॅच्युसेट्स राज्यातील वेअर या गावी झाला. वडील सॅम्युएल वेअर हे धर्मोपदेशक. घरात धर्मग्रंथांचे वाचन नित्याचे होते. मुलींना चार बुके शिकविली म्हणजे पुष्कळ झाले असे मानणारा तो काळ, तरीही वडिलांनी या मुलीस चांगले शिक्षण दिले आणि ती शिक्षिका झाली. एकोणिसाव्या वर्षी ऐन शिकवण्याच्या दिवसांत तिला कडक ताप आला आणि ती भ्रमात बोलू लागली. डॉक्टरांचे उपाय थकले, तेव्हा वडिलांनी तिला वूस्टर येथील वेड्यांच्या इस्पितळात ठेवले. काही आठवड्यांत ती खडखडीत बरी होऊन परतली. ही गोष्ट एवढ्यावरच संपावयाची, पण संपली नाही. एकदा कपाळी बसलेला शिक्का पंचवीस वर्षांनी पुन्हा वर काढता येतो, हे पुढे दिसेलच.

१८३९ साली तिचे लग्न थिऑफिलस पॅकार्ड या पाद्र्याशी झाले. नवरा चौदा वर्षांनी वडील. कॅल्व्हिन पंथाची जुनी कडक शिकवण त्याच्या हाडीमाशी खिळलेली. मनुष्य जन्मतःच पापी आहे, तान्हे मूलसुद्धा त्यास अपवाद नाही, असे तो मानी आणि तसेच उपदेशी. संसार मात्र वरकरणी सुरळीत चालला. सहा मुले झाली, पाच मुलगे आणि एक कन्या. कुटुंब पूर्वेकडून पश्चिमेकडे सरकत सरकत अखेर शिकागोच्या दक्षिणेस मँटिनो या लहानशा गावी स्थिरावले. बाई घर राखीत, कपडे शिवीत, बाग करीत, आणि हे सारे करताना विचारही करीत. सगळा अनर्थ झाला तो या शेवटच्या गोष्टीमुळे.

१८६० च्या आरंभी गावच्या देवळातील बायबलच्या वर्गात बाईंना बोलण्याची संधी मिळाली. त्यांनी शंका विचारल्या, आपली मते मांडली. लहान मूल पापी कसे, असा त्यांचा प्रश्न होता. आईला तो पडावा यात आम्हांस तरी नवल वाटत नाही. त्यांच्या बोलण्याने वर्गाची उपस्थिती वाढू लागली. पाद्रीसाहेबांचे आसन डळमळले. घरची बायकोच जर नवऱ्याच्या प्रवचनाशी असहमत, तर गावाने ते का ऐकावे? त्यांनी बाईंना गप्प बसण्यास सांगितले. बाईंनी मान्य केले नाही. उलट, आपण हे देऊळ सोडून मेथॉडिस्ट पंथाच्या देवळात जाऊ इच्छितो, असे त्या म्हणू लागल्या. तेव्हा पाद्रीसाहेबांनी निष्कर्ष काढला की आपली पत्नी पुन्हा भ्रमिष्ट झाली आहे.

येथे कायद्याची हकीकत थोडी समजून घेतली पाहिजे, कारण सगळ्या कहाणीची किल्ली तीत आहे. इंग्रजी परंपरेच्या कायद्याप्रमाणे लग्न झालेली स्त्री आणि तिचा पती मिळून कायद्याच्या दृष्टीने एकच व्यक्ती, आणि ती व्यक्ती म्हणजे पती. मुलांवर ताबा त्याचा, आणि बहुतेक मालमत्ताही त्याचीच. इलिनॉयच्या १८५१ च्या कायद्याने यात आणखी एक भर घातली. इतर कोणासही वेडा ठरवून इस्पितळात पाठवावयाचे तर ज्यूरीपुढे चौकशी हवी होती. परंतु विवाहित स्त्रिया आणि अज्ञान बालके यांच्याबाबतीत तशा पुराव्याची जरुरी ठेवली नव्हती. पती किंवा पालक याची विनंती आणि इस्पितळाच्या अधीक्षकाचा रुकार एवढ्यावर काम भागे. चोरालाही न्यायाधीशापुढे उभे राहण्याचा हक्क होता. पत्नीला तो नव्हता.

आणि ज्या इस्पितळात बाईंना पाठविले ते जॅक्सनव्हिलचे इस्पितळ म्हणजे दयाबुद्धीचे फळ होते, हेही विसरता येत नाही. डोरोथिआ डिक्स या थोर स्त्रीने गावोगाव फिरून, तुरुंगांत, तळघरांत आणि गोठ्यांत साखळदंडांनी जखडलेले वेडे आपल्या डोळ्यांनी पाहून, राज्याराज्यांच्या विधिमंडळांकडे त्यांच्यासाठी स्वच्छ व माणुसकीची इस्पितळे मागितली होती. तिच्याच खटपटीने इलिनॉयने १८४७ साली कायदा केला आणि १८५१ मध्ये जॅक्सनव्हिलचे दार उघडले. पहिल्या सुधारकांनी आजाऱ्यांना आत आणण्यासाठी दार बांधले. निरोगी माणसाला त्या दारातून बाहेर कसे पडता यावे, याचा विचार तेव्हा कोणी केलेला नव्हता.

१८ जून १८६० ची सकाळ. बाई स्नानाच्या तयारीत होत्या. दाराबाहेर पावले वाजली आणि त्यांनी दार लावून घेतले. पाद्रीसाहेबांनी कुऱ्हाडीने खिडकी फोडली व दोन डॉक्टर, शेरीफ आणि देवळातील काही मंडळी यांच्यासह आत प्रवेश केला, असे बाईंनी पुढे लिहून ठेवले आहे. डॉक्टरांनी नाडी पाहिली आणि वेड असल्याचे सांगितले. तपासणी म्हणतात ती एवढीच. बाईंनी आरडाओरडा केला नाही. केला असता तर तोही पुरावाच ठरला असता. मी आपल्या पायांनी जाणार नाही, एवढे त्यांनी सांगितले, म्हणून दोघांनी त्यांना हातांवर उचलून आगगाडीत नेऊन बसविले. स्टेशनावर गाव जमले होते, पण शेरीफ समोर असता कोणी पुढे झाले नाही. मुलांना त्या दिवशी मुद्दाम दूर ठेवले होते. धाकट्यांपैकी जॉर्ज हा सात वर्षांचा मुलगा, आई गेल्याचे कळताच रुळांवरून गाडीमागे धावत सुटला. तान्हा आर्थर अवघा दीड वर्षाचा होता.

जॅक्सनव्हिलला पहिले काही महिने बाईंना बरी वागणूक मिळाली. मॅकफार्लंड सुविद्य होते, बोलण्यात गोड होते, आणि बाईंच्या बुद्धीचे त्यांना कौतुकही वाटे. बाईंनाही वाटले की हा शहाणा माणूस आज ना उद्या आपल्याला निर्दोष ठरवील. पण आजूबाजूच्या स्त्रियांना परिचारिका कसे मारतात, गार पाण्यात कसे बुडवितात, हे त्या रोज पाहत होत्या, आणि पाहून गप्प बसण्याचा गुण त्यांच्या अंगी नव्हता. त्यांनी अधीक्षकांना खरमरीत निषेधपत्र लिहून दिले. ताबडतोब त्यांची रवानगी आठव्या वॉर्डात झाली. तेथे अत्यंत उग्र आणि घाणीत लोळणाऱ्या रुग्णांचा भरणा होता.

तेथे या बाईंनी काय करावे? पाणी आणि साबण मागून घेतला आणि एकेका बाईला आंघोळ घालण्यास आरंभ केला. केस विंचरले, खोल्या धुतल्या, अंथरुणे स्वच्छ केली. आपण सर्वांनी क्षणभर डोळ्यांपुढे आणून पाहावे. आपण वेडे नाही हे जिला पक्के ठाऊक आहे, अशी सुशिक्षित स्त्री अशा वॉर्डात सापडते आणि तेथील बायकांना किळसवाण्या न मानता शेजारणी मानते. बाईंच्या साऱ्या चरित्रात आम्हांस हा भाग न्यायालयातील विजयाहूनही मोठा वाटतो.

लिहिण्याची साधने काढून घेतली होती, तरी बाई मिळेल त्या कपट्यावर लिहीत आणि आरशाच्या मागे, कपड्यांच्या अस्तरांत ते दडवीत. मधल्या काळात बाहेर यादवी युद्ध पेटले होते, गुलामगिरीच्या प्रश्नावरून देश दुभंगला होता. इकडे आत सुटकेची अट एकच होती. आपली मते चुकीची होती असे बाईंनी म्हणावे आणि नवऱ्याच्या घरी मुकाट्याने नांदावे. ती अट त्यांनी तीन वर्षांत एकदाही मानली नाही. सप्टेंबर १८६२ मध्ये त्यांना इस्पितळाच्या विश्वस्तांपुढे बोलू दिले, आणि तेथे नवऱ्याच्या समक्षच त्यांनी आपली बाजू मांडली. अखेर थोरला मुलगा एकवीस वर्षांचा होऊन त्यानेही आईसाठी खटपट केली, विश्वस्तांनाही हे प्रकरण नकोसे झाले, आणि १८ जून १८६३ रोजी, बरोबर तीन वर्षांनी, बाई बाहेर आल्या. कागदावर शेरा मात्र असाध्य असा होता. बऱ्या झाल्या म्हणून सोडले नाही, बऱ्या होणार नाहीत म्हणून सोडले!

काही महिने नातलगांकडे राहून त्या मुलांच्या ओढीने मँटिनोला परतल्या. तेथे पाद्रीसाहेबांनी त्यांना मुलांच्या खोलीत कोंडले आणि खिडकी खिळे ठोकून बंद केली. ऐन हिवाळ्यात सुमारे सहा आठवडे बाई तेथे होत्या. नवऱ्याची काही पत्रे त्यांच्या हाती लागली. त्यांना मॅसॅच्युसेट्समधील दुसऱ्या एका वेड्यांच्या इस्पितळात कायमचे ठेवण्याचा बेत त्यांत होता. तेव्हा त्यांनी एक चिठ्ठी लिहिली आणि अंगणातील पंपावर पाणी नेण्यास येणाऱ्या एका माणसाकडे ती खिडकीच्या फटीतून सरकविली. चिठ्ठी हॅसलेटबाई या त्यांच्या मैत्रिणीच्या हाती पोचली.

आता कायद्याची गंमत पाहा. नवऱ्याने बायकोला वेड्यांच्या इस्पितळात टाकले तर तो कायदेशीर अधिकार ठरे, कोणाला बोट दाखविता येत नसे. परंतु राहत्या घरात कुलूपबंद करून ठेवण्याची सवलत कायद्याने कोठेच दिली नव्हती. जे तीन वर्षे शक्य नव्हते ते आता नवऱ्याच्याच अति घाईमुळे शक्य झाले. मित्रमंडळी कँकाकी येथील न्यायाधीश चार्ल्स स्टार यांच्याकडे धावली. त्यांनी हेबियस कॉर्पसचा, म्हणजे बंदिवानास समक्ष हजर करण्याचा हुकूम काढला. पाद्रीसाहेब बाईंना घेऊन आले आणि ती वेडी असल्याने कोंडली, असा त्यांनी बचाव केला. मग ती वेडी आहे की नाही हेच ठरवू या, असे म्हणून न्यायाधीशांनी तो प्रश्न बारा ज्यूरर लोकांपुढे ठेवला. जानेवारी १८६४ मध्ये हा खटला पाच दिवस चालला. कचेरीत पाऊल ठेवण्यास जागा उरली नाही, आणि त्या गर्दीत स्त्रिया फार होत्या.

वेडाचे पुरावे काय आले? एक डॉक्टर शिवणयंत्रे विकणारा म्हणून सोंग घेऊन बाईंशी बोलून गेले होते. त्यांनी वेडाची पंधरा कारणे सांगितली. मनुष्यमात्र पापी आहे हे मत त्यांना मान्य नाही, हे एक कारण. नवऱ्याविषयी त्यांचे मन कलुषित आहे, हे दुसरे. आणि आपल्याला वेडी म्हटलेले त्यांना आवडत नाही, हेही एक! नवऱ्याकडील माणसांनी बाईंनी बागेतले वाफे कसे खुरपले, पाहुणे आले असता त्या कशा चिडल्या, यावरून साक्षी दिल्या. ज्या घरात सहा मुले आणि अपुरा पैसा आहे त्या घरातील कोणती गृहिणी या कसोटीस उतरेल, हे आमच्या वाचक भगिनींनीच सांगावे. आमच्या घरच्या कोंकणी बोलीत उलट उत्तर देणाऱ्या मुलीला सहज ‘पिशी’ म्हणतात. बोलणारा लाडाने बोलतो, ऐकणारी हसून सोडते. पण तोच शब्द सरकारी कागदावर उतरला आणि त्याखाली डॉक्टरची सही पडली, तर काय होते ते या खटल्यात दिसते.

बाईंच्या बाजूने शेजारी आले. शेवटी डॉ. डंकन्सन नावाचे, वैद्यक आणि धर्मशास्त्र दोन्ही शिकलेले साक्षीदार उभे राहिले. बाईंशी त्यांनी तीन तास संभाषण केले होते. बाईंची सगळीच मते आपल्याला पटत नाहीत, परंतु आपल्याशी मतभेद असलेल्या प्रत्येकाला वेडा म्हणण्यास आपण तयार नाही, असे त्यांच्या साक्षीचे सार होते. १८ जानेवारीस ज्यूरी आत गेली आणि सात मिनिटांत बाहेर आली. एलिझाबेथ पॅकार्ड शहाण्या आहेत, असा निकाल झाला. बायकांनी हातरुमाल हलवून जल्लोष केला.

येथे गोष्ट संपवावी असा मोह होतो. पण बाई घरी गेल्या तेव्हा घर त्यांचे राहिले नव्हते. निकाल लागण्यापूर्वीच पाद्रीसाहेबांनी घर भाड्याने देऊन, सामान विकून, बाईंचे कपडे व पैसे आणि लहान मुले घेऊन मॅसॅच्युसेट्सचा रस्ता धरला होता. वकिलांनी सांगितले की यावर उपाय नाही. आपण वेड्या नाही एवढे बाईंनी सिद्ध केले होते. आपण आई आहोत हे सिद्ध करण्याची सोय कायद्यात नव्हती.

सत्तेचाळीस वर्षांची, निर्धन, बेघर बाई. तिने पुस्तक लिहावयाचे ठरविले. छपाईस पैसा नाही, म्हणून आधी तिकिटे विकली. ज्याच्याजवळ तिकीट, त्यास पुस्तक निघाल्यावर प्रत. अशा रीतीने दारोदार हिंडून पुस्तके निघाली आणि हजारोंनी खपली. स्वतःच्या कमाईवर पुढे त्यांनी शिकागोत घर घेतले. आणि पुस्तकांबरोबर अर्जांवर सह्या गोळा करीत त्या विधिमंडळांच्या पायऱ्या चढू लागल्या.

इलिनॉयने १८६५ साली इस्पितळात पाठविण्यापूर्वी सर्वांना ज्यूरीची चौकशी लागू केली होती खरी, पण कायदा मोडणाऱ्यास शिक्षा ठेवली नव्हती आणि आधीच आत असलेल्यांना त्याचा लाभ नव्हता. ही उणीव बाईंनी हेरली. त्यांच्या प्रयत्नाने १८६७ चा व्यक्तिस्वातंत्र्याच्या संरक्षणाचा कायदा झाला. त्याने शिक्षाही ठेवली आणि चौकशीवाचून आत पडलेल्यांनाही ज्यूरीपुढे येण्याचा मार्ग दिला. त्याच वर्षी विधिमंडळाच्या समितीने जॅक्सनव्हिलची तपासणी केली, रुग्णांच्या छळाच्या साक्षी नोंदविल्या आणि मॅकफार्लंड यांना दूर करावे अशी शिफारस केली. विश्वस्तांनी त्यांची पाठराखण केली, तरी काही वर्षांनी त्यांनी ते पद सोडलेच. बाईंना बोलताना अनेकदा त्यांच्या त्या जुन्या शेऱ्याचा आहेर मिळे. असाध्य वेडी बाई कायदे मागते, असे विरोधक म्हणत. त्यावर त्यांचे उत्तर म्हणजे पुढचा अर्ज आणि पुढच्या सह्या.

१८६९ साली इलिनॉयमध्ये विवाहित स्त्रीची कमाई तिच्या स्वतःच्या मालकीची ठरविणारा कायदा झाला. त्याच वर्षी त्या मॅसॅच्युसेट्सला जाऊन मुलांसाठी न्यायालयात उभ्या राहिल्या. निकालाची वाट न पाहता पाद्रीसाहेबांनी माघार घेतली आणि कन्या, जॉर्ज आणि आर्थर आईबरोबर शिकागोला आले. रुळांवरून धावलेला जॉर्ज आता सोळा वर्षांचा झाला होता. नवराबायकोचा काडीमोड कधीच झाला नाही. पाद्रीसाहेबांना आम्ही दुष्ट म्हणण्यास कचरतो. आपण पत्नीच्या आत्म्याचे रक्षण करीत आहोत, असेच बहुधा त्यांना शेवटपर्यंत वाटत असावे. पण अशा माणसाच्या हाती कायद्याने कुलूप दिले, आणि ते देणारे विधिमंडळ काही भ्रमिष्ट नव्हते.

१८७२ साली आयोवा राज्याने त्यांच्या आग्रहावरून रुग्णांच्या पत्रांसंबंधी कायदा केला. इस्पितळाला भेट देणारी समिती नेमावी, तीत स्त्रीलाही स्थान असावे, आणि तिला रुग्णांनी लिहिलेले पत्र अधिकाऱ्यांनी अडवू नये, असे त्यात होते. पत्राची किंमत बाईंना ठाऊक होती. खिडकीच्या फटीतून गेलेल्या एका चिठ्ठीने त्या सुटल्या होत्या. हाच हक्क साऱ्या देशात मिळावा म्हणून १८७५ मध्ये त्या वॉशिंग्टनलाही गेल्या, पण तेथे यश आले नाही.

त्यांच्या सर्वच मागण्या निर्दोष होत्या असे मात्र म्हणवत नाही. ज्यूरीच्या सक्तीमुळे खरोखरीच्या आजारी माणसांनाही आरोपीसारखे भर कचेरीत उभे राहावे लागे, आणि ज्यांनी मायेने इलाज करावा असे डॉक्टर वकिलांच्या भीतीने मागे सरत. इस्पितळांच्या डॉक्टरांनी यावर सतत टीका केली, आणि ती सारीच स्वार्थाची नव्हती. रुग्णाची सुटका आणि रुग्णाचा इलाज या दोहोंचा मेळ घालणे तेव्हाही सोपे नव्हते.

आणि त्याचा अनुभव बाईंना घरातच यावयाचा होता. त्यांची एकुलती एक कन्या मोठेपणी खरोखरीच मानसिक व्याधीने ग्रस्त झाली. ज्या बाईंनी अर्धे आयुष्य वेड्यांच्या इस्पितळांच्या कुलपांशी झगडण्यात घालविले, त्यांनी म्हातारपणी आजारी लेकीला आपल्या घरी आपल्याजवळ ठेवून तिची सेवा केली. २५ जुलै १८९७ रोजी शिकागो येथे त्या वारल्या. त्यांचे वय तेव्हा ऐंशी वर्षांचे होते.